४९८ म्हणजे किती टक्के?

ऑगस्टच्या शेवटच्या आठवड्यात संध्याकाळी माझा फोन सतत वाजत असतो. डब्लिनमधल्या एका माध्यमिक शाळेत मी २०१३ पासून गणित शिकवते. इथल्या मराठी घरांतली मुलं शाळेची शेवटची परीक्षा देतात, तेव्हा निकालानंतरचा पहिला फोन बहुतेक वेळा मलाच येतो. दोन वर्षांपूर्वी अशाच एका संध्याकाळी ओळखीतल्या एका वडिलांनी विचारलं, "ताई, मुलीला ४९८ पॉइंट पडलेत. म्हणजे किती टक्के हो?" मी तोंड उघडायच्या आत त्यांचा भागाकार झालाही होता. ६२५ पैकी ४९८, म्हणजे ७९.६८. "ऐंशी थोडक्यात हुकले," ते म्हणाले. मागून मुलीचा आवाज आला, "बाबा, तसं नसतं ते."

तिचं बरोबर होतं. तो भागाकार का करता येत नाही, हे त्या रात्री फोनवर नीट सांगता आलं नाही. ते इथे सांगते.

आयर्लंडमध्ये शाळा संपताना लीव्हिंग सर्टिफिकेट नावाची परीक्षा असते. बहुतेक मुलं सात विषय घेतात आणि प्रत्येक विषय हायर किंवा ऑर्डिनरी पातळीवर देतात. हायरला ९० किंवा त्याहून जास्त टक्के मिळाले की श्रेणी एच १. ऐंशीच्या घरात एच २, सत्तरच्या घरात एच ३, असं उतरत तीसच्या खाली एच ८. ऑर्डिनरीला याच धर्तीवर ओ १ ते ओ ८. मग गॉलवेमधलं सीएओ हे कार्यालय या श्रेणींचे पॉइंट करतं. १९७६ साली स्थापन झालेल्या या एकाच खिडकीतून देशातल्या बहुतेक सगळ्या कॉलेजांचे पदवी प्रवेश होतात. एच १ ला १०० पॉइंट, एच २ ला ८८, मग ७७, ६६, ५६, ४६, ३७ आणि एच ८ ला शून्य. ओ १ ला ५६, ओ २ ला ४६, ओ ३ ला ३७, पुढे २८, २०, १२ आणि मग शून्य. सर्वांत चांगल्या सहा विषयांची बेरीज करायची. हायरच्या गणितात किमान एच ६ असेल तर त्यावर २५ जादा. म्हणून कमाल ६२५.

त्या मुलीला गणितात एच ३ होता, म्हणजे ७७ अधिक २५. बाकी दोन विषयांत एच २, दोनांत एच ३, एकात एच ४. एकूण ४९८. आता उलटे जाऊन पाहा. प्रत्येक विषयात ती आपल्या श्रेणीच्या तळाशी असेल तर तिचे सहा विषयांचे गुण ६०० पैकी ४३० होतात. सगळीकडे माथ्याशी असेल तर ४८४. म्हणजे साधारण ७२ ते ८१ टक्क्यांमधली कोणतीही मुलगी या ४९८ च्या मागे उभी असू शकते. खरे गुण मुलांना नंतर पाहायला मिळतात, पण प्रवेशाच्या हिशेबात त्यांना जागा नाही. सातव्या विषयालाही नाही.

हे आकडे असे वेडेवाकडे का? मी शिकवायला लागले तेव्हा ते सरळ होते. त्या वेळी बहुतेक पाच-पाच टक्क्यांच्या अंतराने चौदा श्रेणी होत्या. ए १ ला १००, ए २ ला ९०, मग ८५, ८०, ७५, सगळे पाचच्या पटीत. मुलं पुढच्या पाच टक्क्यांच्या पायरीसाठी इतकी धडपडत, की विषय समजण्यापेक्षा नमुना उत्तरं पाठ होण्याकडे सगळा जोर जाई. शिवाय प्रत्येक बेरीज पाचच्या पटीत येत असल्याने एकाच आकड्यावर मुलांची झुंबड उडे. कटऑफवर बरोबरी झाली की सीएओ सोडत काढतं. प्रत्येक उमेदवाराला प्रत्येक अभ्यासक्रमासाठी आधीच एक यादृच्छिक क्रमांक दिलेला असतो, तो जागा ठरवतो. छापील यादीत त्या कटऑफपुढे एक तारांकित खूण असते. त्या आकड्यावरच्या सगळ्यांना जागा मिळाली नाही, एवढंच ती सांगते.

२०१७ मध्ये पायऱ्या रुंद केल्या, दहा-दहा टक्क्यांच्या. त्याने मुलांवरचा ताण थोडा उतरतो, पण बरोबरी आणखी वाढणार. तिच्यावर तोडगा म्हणून हे असमान आकडे आले. जुन्या पद्धतीत ए १ आणि बी २ मिळून १८० होत, दोन ए २ मिळूनही १८०च. नव्यात एच १ आणि एच ३ ची बेरीज १७७, दोन एच २ ची १७६. एका पॉइंटाने दोघं वेगळे झाले, सोडत टळली.

या एका पॉइंटाचा मी खूप विचार केला आहे. ज्याला एका विषयात ९० आणि दुसऱ्यात ७० आहेत, तो दोन्हीकडे ८९ मिळवणाऱ्याच्या पुढे उभा राहतो. त्या दोघांत अधिक हुशार कोण, असा प्रश्न कोणी विचारला नव्हता. रांग मोडायची होती आणि त्यासाठी हा आकडा निवडला. माझ्या वर्गात सगळ्या विषयांत सारखी, शांतपणे चालणारी मुलं असतात, आणि त्यांच्या हातून जागा अशी निसटते तेव्हा त्यांना वाटतं की आपल्यातच काही कमी आहे. मी दरवर्षी फळ्यावर ही बेरीज करून दाखवते.

या तक्त्यातली मला सर्वांत आवडणारी ओळ एच ७ ची आहे. पूर्वी हायरच्या पेपरात ४० च्या खाली गेलं की पॉइंट शून्य. त्यामुळे मे महिन्यात भीतीने मुलं ऑर्डिनरीला उतरत. परीक्षेच्या दिवशीही पातळी बदलता येते, आणि काही जण अगदी त्या सकाळी बदलत. दोन वर्षं हायरचा अभ्यास केलेला मुलगा पेपराच्या दारात माघार घेतो, हे पाहणं कठीण असतं. आता ३० ते ३९ मिळाले तरी ३७ पॉइंट आहेत, ऑर्डिनरीत सत्तरीच्या घरात मिळणाऱ्यांइतकेच. ज्यांनी हा आकडा लिहिला त्यांनी किती मुलांची झोप राखली असेल, मला मोजता येणार नाही.

आणि मग ते गणिताचे २५. हे २०१२ पासून आले, कारण हायरचं गणित घेणारी मुलं फारच कमी होती. २०११ मध्ये साधारण १६ टक्के होती, २०१९ पर्यंत हे प्रमाण एक तृतीयांशाजवळ पोचलं. माझे वर्ग त्यामुळेच भरले. तरी हे २५ ज्या पद्धतीने दिले जातात ती मला पटत नाही. गणितात ३९ टक्के मिळाले तर ३७ पॉइंट. ४० मिळाले तर ४६ अधिक २५, म्हणजे ७१. हायरच्या दुसऱ्या विषयात, अगदी तळाची पायरी सोडली तर, सीमेवरच्या एका गुणाची किंमत ९ ते १२ पॉइंट असते. इथे ती ३४ आहे.

माझ्या एका विद्यार्थ्याला ३९ मिळाले. उत्तरपत्रिका आम्ही दोघांनी मिळून पाहिली. तपासणीत चूक नव्हती. शेवटच्या वर्षात त्याने रोजची संध्याकाळ गणिताला दिली होती, ती फक्त या २५ साठी. त्याला खरी गोडी भूगोलाची. आधीच्या सराव परीक्षांत तिथे त्याचा एच २ ठरलेला असे, शेवटी एच ४ आला. भूगोलात २२ गेले, गणिताचे २५ आले नाहीत. ऑर्डिनरी गणितात तो सहज ओ १ मिळवू शकला असता, त्याचे ५६ झाले असते. त्याला हायरला राहा असं मीच सांगितलं होतं. आता मी तसं एकदम सांगत नाही. आधी प्रत्येक मुलाच्या सगळ्या विषयांचा हिशेब कागदावर मांडते, आणि गणित सर्वांत चांगल्या सहांत बसतच नसेल तर जादा पॉइंटही मिळत नाहीत, हेही सांगते. माझं मत विचाराल तर एच ६ ला पाच, एच ५ ला दहा, असे चढत जाऊन एच २ पासून वर पूर्ण २५ द्यावेत. गणिताला प्रोत्साहनही राहील आणि चाळिशीजवळचा तो कडाही जाईल.

मराठी पालकांना सर्वांत अवघड जाते ती कटऑफची गोष्ट. एखाद्या अभ्यासक्रमाला ५६० लागले आणि दुसऱ्याला ३८०, तर पहिला वरचा आणि दुसरा खालचा, असं त्यांना वाटतं. पण कटऑफ म्हणजे शेवटची जागा मिळालेल्या मुलाचे पॉइंट. जागा तीस आणि मागणारे हजार असले की आकडा चढतो. जागा दोनशे असल्या की उतरतो, अभ्यास तितकाच कठीण असला तरी. इंजिनिअरिंगला बऱ्याच विद्यापीठांत गणितात एच ४ ही वेगळी अट असते. ती अट अभ्यासक्रमाबद्दल काही सांगते. कटऑफ फक्त गर्दीबद्दल सांगतो. इथली मुलंसुद्धा "पॉइंट वाया घालवू नको" असं एकमेकांना सांगतात. पण सीएओच्या अर्जात पसंतीक्रम खरा लिहावा, कारण जिथे तुमचे पॉइंट पुरतील अशी सर्वांत वरची पसंती तुम्हाला मिळते. १ जुलैपर्यंत हा क्रम बदलता येतो. दर जूनमध्ये मी मुलांना सांगते की आकडे झाकून यादी लिहा, मग उघडा.

आणि हे आकडे वर्षांनुसारही बदलतात. २०२० मध्ये साथीमुळे जूनची परीक्षा झाली नाही, आणि आम्ही शिक्षकांनी आपापल्या विद्यार्थ्यांचे अंदाजे टक्के लिहून दिले. माझ्या मुलांपुढे आकडे लिहिताना माझा हात जड झाला होता, कारण त्यातल्या कोणाला मी सीमेच्या खाली ठेवणार होते. त्यानंतर श्रेणी एकदम वर गेल्या. २०२१ मध्ये काही अभ्यासक्रमांना ६२५ पैकी ६२५ मिळवलेल्या मुलांमध्येही सोडत निघाली. निकाल अचानक खाली आणले तर पुढची मुलं भरडली जातील, म्हणून पुढची काही वर्षं ते मुद्दाम वरच राखले गेले. २०२५ पासून ते टप्प्याटप्प्याने खाली आणायला सुरुवात झाली आहे. म्हणून २०१९ चे ५०० आणि २०२३ चे ५०० सारखे नाहीत, आणि मोठ्या भावाशी धाकटीची तुलना करणाऱ्या घरांत मी हे आवर्जून सांगते.

श्रेणी आणि आकड्यांचा हा गोंधळ आपल्याकडेही वेगळ्या रूपात घडून गेला आहे. सीबीएसईने दहावीला श्रेणी दिल्या, तेव्हा सीजीपीएला ९.५ ने गुणून टक्के काढायचे होते. ९१ ते १०० च्या गटातल्या मुलांची आधीच्या वर्षांतली सरासरी ९५ च्या आसपास होती, म्हणून तो गुणक. त्यामुळे सगळ्या विषयांत दहा गुणांक मिळवलेलं मूलही ९५ टक्क्यांवर थांबे, आणि एसएससीच्या ९६ टक्क्यांच्या मुलामागे उभं राही. मुंबईत अकरावी प्रवेशासाठी २००८ ते २०१० या तीन वर्षांत पर्सेंटाइल, ९०:१० आणि बेस्ट फाइव्ह अशी तीन सूत्रं आली आणि तिन्ही न्यायालयात गेली. शेवटचं टिकलं ते बेस्ट फाइव्ह, तेही सर्वोच्च न्यायालयात. तमिळनाडूत इंजिनिअरिंगचे प्रवेश बारावीच्या गुणांवर होतात आणि बरोबरी सुटता सुटत नसेल तर तिथेही यादृच्छिक क्रमांकच निकाल लावतो. चेन्नई आणि गॉलवे इतक्या लांबून एकाच उपायावर येऊन पोचली, याचं मला नेहमी नवल वाटतं.

तक्त्यात काय नाही, तेही पाहावं लागतं. २०२२ पासून पोलिश, लिथुएनियन, पोर्तुगीज आणि चिनी भाषांचे पेपर लीव्हिंग सर्टिफिकेटला आले. स्थलांतरित घरांतल्या अनेक मुलांना आपल्या भाषेत एच १ मिळवता येतो. मराठीचा पेपर नाही. माझ्या ओळखीची मुलं घरी मराठी बोलतात, वाचतात, रविवारी भाषेच्या वर्गाला जातात, आणि त्याचा या सहाशे पंचवीसमध्ये कुठेही हिशेब नाही. जी मुलं बारा वर्षांची होईपर्यंत देशाबाहेर शिकली त्यांना आयरिशमधून सूट मिळते, पण मग सात विषयांतला एक आधार कमी होतो आणि सहाच्या सहा चांगले जावे लागतात.

त्या ४९८ वाल्या मुलीला जागा मिळाली तेव्हा मी त्यांच्या घरी गेले होते. तिने पहिल्या पसंतीला अन्नविज्ञान ठेवलं होतं, आणि त्याचा कटऑफ तिच्या पॉइंटांपेक्षा बराच खाली लागला होता. वडील अजूनही अस्वस्थ होते. "ताई, वरचे एवढे पॉइंट मग कशाला मिळवले?" मी म्हटलं, ते मिळवताना ती जे रसायनशास्त्र शिकली ते तिच्याजवळच आहे, पहिल्या सत्रातच कामाला येईल. ते काही बोलले नाहीत. त्यांनी सांगलीला आईला फोन लावला आणि स्पीकरवर ठेवला. आजीला टक्के हवे होते. वडिलांनी माझ्याकडे पाहिलं. मुलीने फोन हातात घेतला आणि एकेक विषय सांगायला सुरुवात केली. रसायनशास्त्र, जीवशास्त्र, इंग्रजी, गणित. प्रत्येकाला काय मिळालं, कुठला प्रश्न सोडवताना मजा आली, कुठला राहून गेला. बराच वेळ आजी ऐकत होती. मग तिने विचारलं, "आणि मराठीत किती गं?"

"मराठीचा पेपर नसतो आजी," ती म्हणाली, आणि जीवशास्त्राचं राहिलेलं सांगू लागली.