बॅकअप चालू आहे



गेले दोन शनिवार दांडी मारली. कारणही तसंच होतं. वरळीच्या बीडीडी चाळीतली आमची खोली रिकामी करून द्यायची तारीख जवळ आली होती, आणि नेमका त्याच आठवड्यात घरच्या जुन्या कॉम्प्युटरचा बॅकअप अडकला. ३७ टक्क्यांवर.

आता यातला विनोद असा की मी हापिसात बॅकअपचंच काम करतो. रात्रीचा जॉब फेल झाला की पहाटे तीन वाजता ज्याचा फोन वाजतो, तो मी. घरी मात्र दिव्याखाली अंधार. कसा, ते पुढे येईलच.

ज्यांनी बीडीडी चाळी फक्त बसच्या खिडकीतून पाहिल्यात त्यांच्यासाठी थोडंसं. १९२० च्या दशकात बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंटने या बांधल्या. एकट्या वरळीत १२१ इमारती. तळमजला अधिक तीन मजले, प्रत्येक खोली १६० चौरस फूट, संडास कॉमन. पुनर्विकासाचं भूमिपूजन जांबोरी मैदानावर एप्रिल २०१७ मध्ये झालं. मग १ ऑगस्ट २०२१ ला कामाचा शुभारंभ झाला, तोही तिथेच. पहिल्या ५५६ कुटुंबांना ५०० चौरस फुटांच्या घरांच्या चाव्या मिळाल्या १४ ऑगस्ट २०२५ ला. त्यामुळे प्रोग्रेस बार बराच वेळ एका जागी उभा राहिला तर आमच्याकडे कोणी लगेच घाबरत नाही :)

मीसुद्धा घाबरलो नाही. हीच पहिली चूक.

हा कॉम्प्युटर बाबांनी मला इंजिनिअरिंगला ॲडमिशन मिळाल्यावर २०१५ साली घेऊन दिला. बाबा बेस्टमध्ये कंडक्टर. आम्ही दोघं लॅमिंग्टन रोडला गेलो, चार दुकानं फिरलो आणि सुटे भाग घेऊन असेंबल करून आणला. एक टीबीची हार्ड डिस्क. "एवढी जागा भरणार कशाने?" असं बाबांनी दुकानदाराला विचारलं होतं. भरली. माझे प्रोजेक्ट, ताईच्या लग्नाचे फोटो, पात्रतेसाठी स्कॅन केलेली कागदपत्रं, आणि मंडळाच्या जुन्या हँडीकॅम टेपा. टेपांना बुरशी लागली होती, म्हणून एका स्टुडिओवाल्याकडून त्या कॉम्प्युटरवर उतरवून घेतल्या आणि मूळ टेपा टाकून दिल्या.

त्यातल्या एका टेपेत बाबा आहेत. २००९ सालचे कबड्डीचे सामने, आणि माइकवर बाबा. कंडक्टरचा आवाज, त्यामुळे माइकची तशी गरजच नव्हती.

बाबा एप्रिल २०२१ मध्ये गेले. तेव्हापासून ती फाइल आम्ही उघडलेली नाही. आई म्हणायची, "आत्ता नको. नवीन घरात गेल्यावर बघू."

तर टेम्पो रविवारचा ठरला होता. त्याच्या आधीच्या सोमवारी रात्री नवीन दोन टीबीची डिस्क लावली, सगळं सिलेक्ट केलं, कॉपी-पेस्ट केलं आणि जेवायला बसलो. जेवून बघतो तर 'उरलेला वेळ : १ दिवस'.

इथे एक कामाची गोष्ट सांगतो. हळू चालणारा बॅकअप आणि अडकलेला बॅकअप हे दोन वेगळे आजार आहेत. हळू म्हणजे वाटेत कुठेतरी गल्ली अरुंद आहे. अडकलेला म्हणजे एका विशिष्ट ठिकाणी कोणीतरी आडवं पडलंय. आपण दोन्हीला "स्लो झालाय" म्हणतो आणि चुकीचं औषध देतो.

माझा आधी हळू होता. कारण सोपं निघालं. डिस्क पुढच्या पोर्टला लावली होती आणि तो यूएसबी २.० चा. कागदावर त्याचा वेग सेकंदाला ४८० मेगाबिट, प्रत्यक्षात ३०-३५ मेगाबाइट मिळाले तरी खूप. मागच्या निळ्या पोर्टला, म्हणजे यूएसबी ३.० ला लावल्यावर वेग एकदम तिप्पट. दुसरी अरुंद गल्ली म्हणजे बारक्या फाइल्स. व्हॉट्सॲपचे हजारो फोटो. तेरा जीबीचा एक व्हिडिओ सरळ जातो, पण तेवढ्याच आकाराच्या हजारो फाइल्सना प्रत्येक वेळी उघड, नोंद कर, बंद कर हे सोपस्कार लागतात आणि वर अँटिव्हायरस प्रत्येकीची झडती घेतो. तो फोल्डर झिप करून एकच गठ्ठा केला. बरं वाटलं.

आणि मग ३७ टक्क्यांवर वेग शून्य. बंद करून पुन्हा सुरू केलं. पुन्हा त्याच फाइलवर शून्य.

हीच ती परीक्षा. दर वेळी वेगळ्या ठिकाणी थांबत असेल तर केबल, पोर्ट, वीज किंवा पॉवर सेव्हिंगमध्ये झोपी जाणारी डिस्क यांच्यावर संशय घ्या. दर वेळी त्याच ठिकाणी थांबत असेल तर खोट त्या फाइलमध्ये किंवा फाइलखालच्या डिस्कमध्ये आहे. चाळ झोपल्यावर कान लावून ऐकलं. टक... टक... टक... डिस्क तोच तुकडा पुन्हा पुन्हा वाचायचा प्रयत्न करत होती. स्मार्ट नावाची डिस्कची स्वतःची आरोग्यपत्रिका असते, ती काढली. त्यात वाचता न येणारे, निकाल न लागलेले सेक्टर दोनशेच्या वर. निरोगी डिस्कवर हा आकडा शून्य असायला हवा.

तरी मी निवांतच. कारण माझा रोजचा बॅकअप होता ना! विंडोजमध्ये रोबोकॉपी नावाची कमांड आहे, ती वापरून मीच एक स्क्रिप्ट लिहिली होती. रोज रात्री नऊला आपोआप सुरू व्हायची आणि एक्स्टर्नल डिस्कवर सगळं उतरवायची. मधूनमधून मी बघायचो, तर शेड्यूलरमध्ये लिहिलेलं असायचं, 'चालू आहे'. छान.

ती डिस्क उघडली. 'ए' पासून 'डी' पर्यंतचे फोल्डर होते. 'डी' म्हणजे डॉक्युमेंट्स, तेही अर्धं. त्यानंतर काही नाही. 'एम' चं मंडळ नाही, 'व्ही' चा व्हिडिओ नाही.

खरं सांगतो, हात गार पडले.

झालं होतं असं. रोबोकॉपीला एखादी फाइल वाचता आली नाही तर ती थांबते आणि पुन्हा प्रयत्न करते. किती वेळा? तुम्ही काही सांगितलं नाही तर दहा लाख वेळा. दोन प्रयत्नांमध्ये ३० सेकंद. गुणाकार करा. ३४७ दिवस होतात, एका फाइलसाठी! स्लॅश आर आणि स्लॅश डब्ल्यू हे दोन पर्याय देऊन हे आकडे कमी करायचे असतात, हे मी हापिसात नव्या पोरांना शिकवतो. घरच्या स्क्रिप्टमध्ये लिहिलं नव्हतं. लॉगही ठेवला नव्हता. दीड वर्षापूर्वी जुनी एक्स्टर्नल डिस्क पडून बिघडली म्हणून नवी आणली होती. तेव्हापासून स्क्रिप्ट रोज नऊला सुरू व्हायची, अक्षरक्रमाने 'डी' पर्यंत यायची, त्या एका फाइलपाशी थबकायची आणि आईने कॉम्प्युटर बंद केला की मरायची. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. ती फाइल कुठली होती? १९९६ च्या लाइट बिलाचा स्कॅन.

'चालू आहे' हे अगदी खरं होतं. 'झाला' असं ती कधीच म्हणाली नव्हती. मी विचारलंही नव्हतं.

मोठमोठ्यांचं असं झालंय म्हणून थोडा दिलासा. ३१ जानेवारी २०१७ ला गिटलॅबच्या एका इंजिनिअरच्या हातून चुकीच्या सर्व्हरवरचा डेटाबेस उडाला. बॅकअप शोधायला गेले तर जागा रिकामी. बॅकअप घेणारा प्रोग्रॅम डेटाबेसपेक्षा जुन्या आवृत्तीचा होता आणि फेल होत होता, आणि फेल झाल्याची ईमेलं कोणापर्यंत पोचतच नव्हती. साधारण सहा तासांचा डेटा गेला. त्यांनी ते सगळं जगासमोर लिहून ठेवलं, म्हणून आपल्याला कळतं.

दिलासा घेऊन फाइल परत येत नाही. असो.

मरत्या डिस्कवर काय करू नये, ते आधी. पुन्हा पुन्हा कॉपी करू नये. चेकडिस्कने दुरुस्ती करायला जाऊ नये. डीफ्रॅग तर नकोच. प्रत्येक वाचन म्हणजे दम्याच्या पेशंटला जिने चढायला लावणं. मी मशीन बंद केलं आणि मंगळवारी पेन ड्राइव्हवर लिनक्स घेऊन त्यावरून सुरू केलं. डीडीरेस्क्यू नावाचा एक फुकट प्रोग्रॅम आहे. त्याचं शहाणपण एवढंच की तो अडलेल्या जागी हटून बसत नाही. आधी सरळ वाचता येतं ते सगळं उचलतो, खराब जागेवरून उडी मारतो, आणि शेवटी उरलेल्या जागांकडे परत येतो. कुठवर आलो याची नोंद एका नकाशा-फाइलमध्ये ठेवतो, त्यामुळे मध्येच वीज गेली तरी पहिल्यापासून सुरुवात नाही. (ही नोंद त्या मरत्या डिस्कवर ठेवू नका, बरं का. आणि ज्या डिस्कवर उतरवता ती पूर्ण रिकामी होते, हेही लक्षात ठेवा.)

भांडी गोणीत भरली गेली होती, पंखा उतरवायचा बाकी होता. टेबल फॅन डिस्ककडे तोंड करून ठेवला. शेजारच्या मावशी डोकावल्या.

"काय रे, माणसं घामाघूम आणि पंखा त्या डब्याला?"

"मावशी, त्याला ताप आलाय."

आई काही बोलली नाही. तिला मी अजून सांगितलं नव्हतं. पण रात्री बाराला चहा ठेवला आणि विचारलं, "यांचा आवाज आहे ना त्यात?" मी हो म्हटलं. "मग होऊ दे सावकाश," एवढंच म्हणाली.

चांगला भाग पाच तासांत उतरला. उरलेल्या चिमूटभर जागांनी बुधवारची रात्र आणि अख्खा गुरुवार खाल्ला. शेवटी काही शे किलोबाइट मिळालेच नाहीत. एक टीबीतले काही शे किलोबाइट! त्यात लाइट बिल गेलं. आणि कबड्डीच्या व्हिडिओतला एक लहानसा तुकडा.

इथे नशिबाने हात दिला. हँडीकॅमच्या डीव्ही टेपेवरून उतरवलेला व्हिडिओ अवाढव्य असतो, तासाला साधारण तेरा जीबी. मी कायम त्याला शिव्या द्यायचो. पण त्यात प्रत्येक फ्रेम स्वतंत्र साठवलेली असते. हल्लीच्या आटोपशीर फॉरमॅटमध्ये एक फ्रेम दुसरीच्या आधारावर उभी असते, एक बिघडली की पुढच्याही वाकड्या होतात. डीव्हीमध्ये जेवढं गेलं तेवढंच गेलं. एकविसाव्या मिनिटाला अर्धा सेकंद चौकोनच चौकोन दिसले, मग बाबांचा आवाज, "पंचांचा निर्णय अंतिम! मंडळी, शांतता!"

आई भिंतीकडे तोंड करून साड्यांची घडी घालत होती. तिने मागे वळून पाहिलं नाही. पण घडी घालायची थांबली.

शुक्रवारी मी तिला लाइट बिलाचं सांगितलं. म्हटलं, एक कागद गेला. ती हसली. पलंगाखालून ट्रंक ओढली. मूळ बिल तिथेच होतं, प्लॅस्टिकच्या पिशवीत. एक झेरॉक्स संच ताईकडे पुण्यात. दुसरा मामाकडे गावी, पाटण तालुक्यात. दर दिवाळीला ती ट्रंक उघडते, कागद वाऱ्याला टाकते, डांबराच्या गोळ्या बदलते, आणि झेरॉक्स पुसट झाली असेल तर नवीन काढते.

आमच्या धंद्यात ३-२-१ नावाचा नियम आहे. पीटर क्रोग या अमेरिकन छायाचित्रकाराने २००० च्या दशकात तो लोकप्रिय केला. तीन प्रती, दोन प्रकारच्या माध्यमांवर, त्यातली एक दुसऱ्या छपराखाली. २१ जून २०१२ ला मंत्रालयाला आग लागली तेव्हा कित्येक फायलींची राख झाली; पण आदर्श प्रकरणाची कागदपत्रं आधीच सीबीआयकडे गेलेली होती. दुसरं छप्पर म्हणतात ते हेच. आईने यातलं काही वाचलेलं नाही. तिला एवढंच माहीत होतं की कागद नाही तर घर नाही. आणि ती नुसती ठेवत नव्हती, उघडून बघत होती. मी नेमकं तेवढंच करत नव्हतो.

तर आता नवी व्यवस्था. स्क्रिप्टमध्ये पुन्हा प्रयत्न दोनदा, मध्ये पाच सेकंद, आणि लॉग माझ्या फोनवर. काही सुटलं तर सुटलेल्या फाइलचं नाव येतं. एक प्रत घरात, एक ताईकडे, एक क्लाउडवर. आणि महिन्याच्या पहिल्या रविवारी बॅकअपमधली कुठलीही एक फाइल दुसऱ्या मशीनवर उघडून बघायची. ती उघडली तरच बॅकअप झाला असं म्हणायचं.

खोली रविवारी रिकामी झाली. सध्या भाड्याच्या घरात आहोत, नव्या घराला वेळ आहे. तुम्हीही आज जेवण झाल्यावर एवढं करा. तुमच्या बॅकअपमधली सगळ्यात शेवटच्या अक्षराची फाइल उघडा. पहिल्या अक्षराची नको, ती बहुतेक असतेच.

आमच्याकडे या महिन्याची फाइल आईने निवडली. नव्या घराची वाट बघितली नाही. एक तासाची आहे, पूर्ण बघितली.

चला, पुढच्या शनिवारी भेटू.