म्युनिकहून मालाडला, आणि परत

दोन वर्षांपूर्वी अमरावतीच्या युवकांना आम्ही ‘अछूत कन्या’ हा जुना बोलपट दाखविला. रेल्वे फाटकाच्या राखणदाराची अस्पृश्य मुलगी कस्तुरी आणि ब्राह्मणाचा मुलगा प्रताप यांची ही 1936 सालची कथा. देविकाराणी व अशोककुमार यांचा अभिनय आज थोडा नाटकी वाटतो. तरीही रुळांवरचे भांडण थांबेना म्हणून कस्तुरी येणाऱ्या गाडीच्या दिशेने धावली, तेव्हा सभागृहात कोणी हालले नाही. विषय अमरावतीकरांना परका नव्हताच. याच शहरात 1927 साली अंबादेवीच्या मंदिरप्रवेशाचा प्रश्न पेटला होता आणि त्याच वर्षी नोव्हेंबरात इंद्रभुवन थिएटरात डॉ. आंबेडकरांच्या अध्यक्षतेखाली परिषद भरली होती.

दिवे लागल्यावर एका मुलीने विचारले, “फादर, दिग्दर्शक म्हणून फ्रान्झ ऑस्टेन असे नाव आले. हे कोण?”

आम्ही उत्साहाने सांगू लागलो. ऑस्टेन म्युनिकचे, जन्म 1876. खरे आडनाव ओस्टरमायर. वडील छायाचित्रकार. 1907 साली भाऊ पेटर यांच्यासह त्यांनी फिरता सिनेमा काढला. आपल्या जत्रांतील तंबूच्या टॉकीजचाच तो जर्मन भाऊबंद म्हणावा. पुढे हिमांशु राय यांची गाठ पडली आणि 1925 साली बुद्धचरित्रावर ‘प्रेम संन्यास’ हा मूकपट झाला. त्यामागून ‘शिराज’ आणि ‘प्रपंच पाश’ आले. 1934 साली राय यांनी मालाडला बॉम्बे टॉकीज उभारली, तेव्हा साठीकडे झुकलेले ऑस्टेन तेथे दाखल झाले. कॅमेऱ्यामागे त्यांचेच देशबांधव योझेफ विर्शिंग होते. ऑस्टेन यांना हिंदी येत नसे. जी भाषा आपल्याला कळत नाही तिच्यात त्यांनी चार-पाच वर्षांत दीड डझनाच्या आसपास बोलपट केले! प्रयोगशाळेत काम करणाऱ्या अशोककुमारला नायक करण्यास ते राजी नव्हते, असेही सांगितले जाते.

मुले हसली, आणि आम्ही तेथेच थांबलो. 1939 साली ‘कंगन’चे काम चालू असताना महायुद्ध सुरू झाले व इंग्रज सरकारने ऑस्टेन यांना अटक केली, हे आम्ही सांगितले नाही. ते 1936 पासून नाझी पक्षाचे सभासद होते, हेही नाही. कस्तुरीसाठी भरून आलेली मने गढूळ होऊ नयेत, असे कारण आम्ही स्वतःला दिले. पापांची कबुली देताना एक भाग गाळणाऱ्याला आम्ही काय म्हणतो, ते वाचक जाणतात.

पुढे अकोल्यास हाच बोलपट दाखविण्याचा योग आला. या वेळी मात्र सारे सांगितले: अटक, सुटका, जर्मनीस परत जाणे, युद्ध संपेपर्यंत म्युनिकच्या बव्हेरिया स्टुडिओतील नोकरी आणि 1956 साली झालेला मृत्यू. एरवी परदेशात अडकलेल्या माणसाचे असे सभासदत्व आम्ही नोकरीपोटी म्हणून सोडूनही दिले असते. पण याच माणसाने त्याच वर्षी कस्तुरीची कथा पडद्यावर आणली होती. म्हणूनच ते सोडवेना.

श्रोत्यांत रेल्वेचे एक निवृत्त कर्मचारी होते. अकोटमार्गे खांडव्यास जाणाऱ्या जुन्या मीटर गेज मार्गावर त्यांची उमर गेली. खांडवा हे अशोककुमारचे गाव, याचा त्यांना घरच्यासारखा अभिमान. बराच वेळ ते गप्प होते. मग म्हणाले, “फादर, फाटकावरच्या पोरीसाठी त्यानं आमाले रडवलं, अन् सोता त्या पक्षात? कसं जमलं त्याले?”

आम्हांला उत्तर देता आले नाही. कोणीतरी खुर्च्या उचलू लागले.

अमरावतीच्या त्या मुलीला गेल्या महिन्यात आम्ही पत्र धाडले. गाळलेला भाग लिहिला, अकोल्याच्या गृहस्थांचा प्रश्नही लिहिला. तिचे उत्तर अद्याप आलेले नाही.