दोऱ्याची जागा

मिरजेच्या सतारमेकर गल्लीत लहानपणी एकच गोष्ट पाहत तासन्‌तास उभा राहायचो. कारागीर तंबोऱ्याच्या घोडीवर तारेखाली सुताचा दोरा सरकवायचा. केसभर पुढे, केसभर मागे. एका जागी तार अचानक गुंजायला लागायची. जवारी खुलली! आज ग्लासगोत लोकांचे रेकॉर्ड प्लेअर लावून देतो, तेव्हा हात तेच करतात. दोऱ्याच्या जागी सुई आली, एवढंच.

या कामाला शहर चांगलं मिळालं. रेकॉर्ड प्लेअर बनवणारी लिन कंपनी १९७३ साली इथेच सुरू झाली. यंत्र पारखायचं तर सुटे आवाज मोजत बसू नका, चाल मनातल्या मनात गुणगुणता येते का ते पाहा, हा त्या मंडळींचा जुना आग्रह. मला तो पटतो, तरी पिशवीत टेस्ट रेकॉर्ड असतेच.

परवा डेनिस्टनला एका काकांकडे गेलो. जुन्या टेनमेंटमधलं घर, लाकडी जमीन. कुणी चाललं की सुई उडायची, म्हणून प्लेअर भिंतीवरच्या फळीवर नेला. काकांची तक्रार मात्र वेगळीच होती.

"अरे, किशोरीताईंचा भूप लावला की तंबोरा डुलतो बघ. मोटर गेली असणार."

ऐकलं. षड्ज खरंच झोके घेत होता. घड्याळ लावलं: दहा झोके, अठरा सेकंद. मिनिटाला ३३⅓ फेरे, म्हणजे एका फेऱ्याला १.८ सेकंद. फेऱ्यागणिक एक झोका! मग टेस्ट रेकॉर्ड लावली. ३१५० हर्ट्‌झचा एकच सूर, कानाला नकोसा, पण ओळंब्यासारखा सरळ. मोटर निर्दोष होती. भूपाची रेकॉर्ड पुन्हा लावून काकांना टोनआर्म दाखवला. तो दर फेऱ्याला आतबाहेर झुलत होता. रेकॉर्डचं भोकच मध्यापासून सरकलेलं.

दोष कुठे आहे ते टेस्ट रेकॉर्डनं सांगितलं. दोष आहे, हे मात्र तंबोऱ्यानं आधीच सांगून टाकलं होतं. गवयाचा सूर हलला तर ती मींड असेल, आंदोलन असेल. तंबोऱ्याला हलायची मुभाच नाही. म्हणून माझ्या लेखी त्याच्याइतकी कडक टेस्ट रेकॉर्ड दुसरी नाही.

काकांना विचारून गोल कानशीनं भोक जरासं मोठं केलं. रेकॉर्ड फिरत ठेवली, टोनआर्मवर नजर ठेवून कडेला बोटानं हलकेच टिचकी मारत गेलो. केसभर इकडे, केसभर तिकडे. टोनआर्म झुलायचा थांबला.

षड्ज जागेवर बसला. काका डोळे मिटून होते. खर्जाची तार वाजली आणि तिच्या पोटातून, कुणी न छेडलेला, गंधार वर आला. काकांनी डोळे न उघडताच बोट वर केलं: हा!