सावलीची कड

ज्याच्या इमारती काळालाच आकार देतात असा एखादा अलौकिक स्थपति कोणा कादंबरीकारानें कल्पिला, तर आपण त्याच्या कल्पकतेचें कौतुक करूं आणि पुस्तक मिटून कामाला लागूं. इमारतीनें काळाशीं झुंजावें, ऊन, पाऊस आणि वाळवी यांना तोंड देत चार पिढ्या उभें राहावें, एवढीच माफक अपेक्षा आपण तिच्यापासून करतों. काळ दिसावा म्हणून कोणी भिंत बांधील हें आपल्या ध्यानींमनीं नसतें. परंतु अशी भिंत बांधणारा मनुष्य आपल्याच देशांत होऊन गेला, आणि तो धंद्यानें स्थपति नव्हता, राजा होता.

आमेरच्या सवाई जयसिंहाची (१६८८–१७४३) आपली ओळख इतिहासाच्या पुस्तकांतली. माळव्याचें राजकारण आणि थोरल्या बाजीरावांशीं झालेल्या वाटाघाटी यांपलीकडे ती सहसा जात नाहीं. पण या धामधुमीच्या माणसाचें चित्त आकाशांत गुंतलेलें होतें. त्याच्या काळीं वापरांत असलेलीं ग्रहगणिताचीं कोष्टकें आणि प्रत्यक्ष वेध यांचा मेळ बसत नव्हता. पितळेचीं यंत्रें करून पाहिलीं, तर त्यांचे आंस झिजत, मध्य ढळत, आणि आकार लहान असल्यामुळें अंशाचे बारीक भाग पाडतां येत नसत. तेव्हां जयसिंहानें एक साधा पण धाडसी विचार केला : यंत्र इतकें मोठें आणि इतकें स्थिर करावें कीं चुकीला जागाच उरूं नये. दिल्ली, जयपूर, उज्जैन, काशी आणि मथुरा या पांच ठिकाणीं त्याच्या वेधशाळा उभ्या राहिल्या. मथुरेची आज शिल्लक नाहीं. उज्जैनची मोडकळीस आली होती. ती १९२३ सालीं माधवराव शिंद्यांनीं दुरुस्त करविली, आणि गोविंद सदाशिव आपटे हे तिचे पहिले अधीक्षक झाले.

या सर्वांत भव्य तें जयपूरचें सम्राटयंत्र. सुमारें २७ मीटर उंचीची ती एक त्रिकोणी भिंत आहे. तिची तिरकी कड पृथ्वीच्या आंसाला समांतर, म्हणजे जयपूरच्या अक्षांशाइतकी, जवळजवळ २७ अंश चढलेली. दोन्ही बाजूंस वर्तुळाचे दोन प्रचंड चतुर्थांश पंखांसारखे पसरलेले असून त्यांच्यावर वेळेच्या खुणा आहेत. सकाळीं एका पंखावर आणि दुपारनंतर दुसऱ्यावर भिंतीची सावली चालते. तासाला सुमारें चार मीटर.

काळ जातो असें आपण जन्मभर म्हणतों. तो जातांना पाहिल्याचें मात्र कोणी सांगत नाहीं. तेथें तो मला दिसला. सेकंदाला मिलिमीटरभर, मुंगीलाहि हळू वाटावी अशा चालीनें, सावली दगडावरून सरकत होती, आणि नजर स्थिर ठेवली कीं तिचें सरकणें कळत होतें.

पण त्याहून मोठें नवल त्या सावलीच्या कडेंत होतें. दुरून रेघेसारखी दिसणारी ती कड जवळून पाहतां रेघ नव्हतीच. सावली कोठें संपते आणि ऊन कोठें सुरू होतें हें बोट ठेवून सांगतां येईना. मध्यें कित्येक बोटें रुंदीचा एक धूसर पट्टा होता. कारण उघड आहे. सूर्य हा बिंदु नसून सुमारें अर्ध्या अंशाचें बिंब आहे. भिंत त्याला एकदम झांकीत नाहीं, हळूहळू झांकते. आणि यंत्र जितकें मोठें, तितका हा पट्टाहि रुंद. चूक घालविण्यासाठीं राजानें यंत्र वाढविलें, तों त्याच्याबरोबर हा धूसरपणाहि वाढला! यावर वेध घेणाऱ्यांचा उपाय असा कीं एक बारीक दोरा किंवा काडी खुणांच्या जराशी वर, कडेला समांतर धरावयाची, आणि तिची चिमुकली सावली मोठ्या सावलींत जेथें नाहींशी होते तेथला आंकडा वाचावयाचा. एवढ्या थोर भिंतीला शेवटीं माणसाच्या हातांतल्या दोऱ्याचें साहाय्य लागतें.

योगायोग असा कीं त्याच सुमारास इंग्लंडांत जॉन हॅरिसन नांवाचा एक सुतार काळाच्याच मागें लागला होता. १७३५ सालीं पुरें झालेलें त्याचें पहिलें सागरी घड्याळ बोजड होतें. १७५९ सालचें चौथें अवघ्या १३ सेंटिमीटर व्यासाचें. एकानें यंत्र वाढवीत नेलें, दुसऱ्यानें लहान करीत आणलें, आणि जग दुसऱ्याच्या मागून गेलें. तें योग्यच झालें. भिंत खिशांत घालून समुद्र ओलांडतां येत नाहीं.

तरी या खिशांतल्या काळानें आपल्यापासून कांहीं काढून घेतलें आहे. सम्राटयंत्र सांगतें ती वेळ जयपूरची. मनगटावरची वेळ साऱ्या देशाची, ८२.५ अंश पूर्व रेखांशावरून १९०६ सालीं ठरलेली. दोहोंत सरासरी २७ मिनिटांचें अंतर पडतें. मुंबईचा सूर्य तर सरासरीनें ३९ मिनिटें मागें. म्हणूनच तेथील म्युनिसिपालिटी पुढें कित्येक वर्षें आपला जुना ‘मुंबई टाइम’ धरून बसली होती. आगगाड्या चालवावयाच्या तर देशाची वेळ एक हवी, याविषयीं वाद नाहीं. पण वेळ ही आपण जेथें उभे आहों त्या जागेचीहि असते, याचा विसर पडावा हें बरें नव्हे.

आमच्या जुन्या घराला चौक होता. उन्हाची तिरीप देवघराच्या उंबऱ्याशीं पोंचली कीं आजी पानें मांडावयास सांगे; ऋतु पालटला कीं उंबरा सोडून ती कोनाड्याची खूण धरी. जयसिंहाचें नांव तिनें ऐकलें नव्हतें; पण तो चौक हें तिचें सम्राटयंत्रच होतें, आणि त्याची खूण सांभाळणारा दोरा तिच्या नजरेंत होता. आजच्या आमच्या बिऱ्हाडांत सकाळ आणि दुपार एकाच विजेच्या दिव्याखालीं जातात, आणि वेळ येते ती मोबाइलवरच्या लखलखीत आंकड्यांतून. एक आंकडा पुसला जातो, दुसरा उमटतो. मधला धूसर पट्टा नाहींसा झाला आहे. मग मुलेंहि दिवसाकडे तुटक तुकड्यांची माळ म्हणून पाहूं लागलीं, तर त्यांना दोष कसा द्यावा?

नवीं घरें बांधणाऱ्यांकडे माझें एकच मागणें आहे. सत्तावीस मीटरांची भिंत कोणी मागत नाहीं. पण घरांत निदान एक भिंत अशी ठेवावी कीं जिच्यावरून ऊन सरकतांना दिसेल. तिच्यापाशीं बसलेल्या मुलाला कोणी न सांगतां कळेल कीं दिवस तुटत नाहीं, तो ओसरतो.