तापीच्या पाण्याखालची गावे
सुरतेत तापीचे पात्र पाहताना आम्हांस उकाई आठवते. १९७२ साली पुऱ्या झालेल्या त्या धरणाने शहरास पाणी दिले, पण वरच्या अंगास शंभराहून अधिक गावे बुडविली. जलाशय थेट आपल्या नवापूर तालुक्यात शिरला. धरणाच्या भिंतीची छायाचित्रे पुष्कळ निघाली. बुडालेल्या अंगणाची कथा कोणी सांगावी? ज्याचे अंगण त्यानेच. हे अशक्य नव्हे. याच गुजरातेत, अहमदाबादेस, १९८४ साली ‘सेवा’ संघटनेच्या सुमारे वीस कष्टकरी स्त्रिया व्हिडिओ कॅमेरा चालविण्यास शिकल्या. त्यांत निरक्षर भाजीवालीही होती! आपले जिणे त्यांनी आपणच चित्रित केले. उकाईच्या विस्थापितांत जुने गाव पाहिलेले आता वृद्धच उरले आहेत. नातवंडांच्या हाती मोबाईल आहे. वेस कोठे होती, विहीर कोठे, हे त्यांनी आजोबांस याच उन्हाळ्यात विचारावे.