साखरबावीचे पाणी

आमच्या वाडीतला एक मुलगा जपानात कानाझावा शहराजवळ एका कारखान्यात नोकरीला आहे. त्याच्या आईला मोबाईल नीट चालवता येत नाही, म्हणून तो छायाचित्रे आमच्या फोनवर पाठवतो आणि संध्याकाळी कचेरीतून आल्यावर आम्ही ती तिला नेऊन दाखवतो. गेल्या नोव्हेंबरात त्याने एका रविवारची हकीगत कळवली. त्या शहरात नागामाची नावाची जुनी वस्ती आहे. पूर्वी तिथे सामुराई, म्हणजे सरदारांच्या पदरचे तलवारबहाद्दर, राहत असत. त्यांच्या मातीच्या कुंपणभिंती अजून राखल्या आहेत. वाटाड्या माणूस दिवसभर हिंडवून इतिहास सांगतो आणि दुपारी जुन्या पद्धतीचे जेवण मिळते. भात, आंबवलेल्या सोयाबीनचे मिसो नावाचे सार, भाजलेला मासा, लोणचे आणि बदकाच्या मांसाचा जिबुनी नावाचा तिथला खास पदार्थ.

फोटो पाहून त्याची आई म्हणाली, "म्हणजे भात, कढी नि मासो. ह्यां खावक झील माजो इतक्या लांब गेलो?"

आम्ही सारे हसलो. पण रात्री मनात आले, तो पोरगा परमुलखातला इतिहास पैसे मोजून पाहतो आणि आमच्या वाडीपासून मालवण एस.टी.ने तासा-दीड तासावर असूनही वाडीतल्या निम्म्या मुलांनी सिंधुदुर्ग किल्ला फक्त पाठ्यपुस्तकाच्या चित्रात पाहिलेला. मग मंडळाच्या बैठकीत विषय काढला.

बैठकीत वाद झाला नाही तर ती बैठक कसली? एका ज्येष्ठ कार्यकर्त्यांनी विचारले, "राजे आपले, हे कबूल. पण राजांच्या नावाने आज जे चालते त्यात आपण कुठे आहोत?" प्रश्न चुकीचा नव्हता. त्यावर दुसऱ्याने आठवण दिली, की जोतीराव फुल्यांनी शिवरायांवरचा पवाडा १८६९ साली लिहिला. तेव्हा आपण पाहायला जायचे की नाही, हा प्रश्नच नाही. काय पाहायचे, हा आहे. शेवटी ज्याचा खर्च त्याने करायचा, विहाराच्या निधीला हात लावायचा नाही, असे ठरले आणि हिशेबाची वही नेहमीप्रमाणे आमच्या गळ्यात पडली. बी.कॉम. झाल्याची शिक्षा माणूस जन्मभर भोगतो!

मुले १७, मोठी माणसे १३ आणि आमची आई, अशी एकूण ३१ डोकी. आई यायलाच तयार नव्हती. गुडघे दुखतात, होडीची भीती वाटते, घरी कोंबड्यांना कोण बघणार, अशी एकेक सबब. तिचे माहेर मालवण तालुक्यातले. लहानपणी ती आपल्या आईबरोबर लाकडाची मोळी डोक्यावर घेऊन मालवणच्या बाजारात जायची. बंदरावरून किल्ला रोज दिसायचा. "मग कधीच आत गेली नाहीस?" असे नातीने विचारल्यावर ती म्हणाली, "माजी आवस म्हणायची, तो राजांचो. आपण लांबसून बघूचो." नातीपुढे मात्र तिचे काही चालले नाही.

जानेवारीतला रविवार. मालवणच्या जेटीवर गर्दी होती. जुलै २०२५ मध्ये मराठ्यांच्या १२ किल्ल्यांना युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत स्थान मिळाले, त्यात सिंधुदुर्ग आहे. किनाऱ्यावर राजकोटचा पुतळा दिसत होता. तिथे डिसेंबर २०२३ मध्ये नौदल दिनाच्या निमित्ताने उभारलेला पुतळा २६ ऑगस्ट २०२४ रोजी कोसळला आणि २०२५ मध्ये त्याच जागी नवा, अधिक उंच पुतळा उभा राहिला. समोर साडेतीनशे वर्षे लाटा खात उभा असलेला तट आणि इकडे नऊ महिन्यांत पडलेले काम. कचेरीत बिले तपासण्यात आयुष्य गेलेल्या माणसाच्या डोक्यात अशा वेळी काय काय येते ते लिहीत नाही.

आम्ही ठरवलेला गाईड विशीतला, गाबीत समाजातला, इतिहास घेऊन बी.ए. झालेला. समुद्र त्याच्या घरचाच. होडीतच त्याने सुरुवात केली. कुरटे बेटावर किल्ल्याचे काम २५ नोव्हेंबर १६६४ रोजी सुरू झाले आणि १६६७ मध्ये पूर्ण झाले. जंजिऱ्याचा सिद्दी, गोव्याचे पोर्तुगीज, इंग्रज, डच, सगळ्यांची नजर या किनाऱ्यावर. स्वतःचे आरमार आणि आरमाराला आसरा देणारा किल्ला असल्याखेरीज राज्य टिकणार नाही, हे राजांनी ओळखले. होडी तटाच्या अगदी जवळ येईपर्यंत आम्हाला दरवाजा दिसेना. वळत्या तटांच्या बेचक्यात तो असा लपवला आहे, की शत्रूच्या तोफेला नेम धरता येऊ नये. मुलांनी हे लगेच पकडले. आत शिरल्यावर ती पुन्हा बाहेर पळाली आणि दरवाजा कुठून दिसतो, कुठून दिसत नाही, याची त्यांनी स्वतः खात्री करून घेतली. आम्ही शाळेत असताना सनावळ्या पाठ करण्यापलीकडे कधी गेलो नव्हतो.

चुन्यात उमटलेले राजांच्या हाताचे आणि पायाचे म्हणून जपलेले ठसे, राजाराम महाराजांनी १६९५ मध्ये बांधलेले शिवराजेश्वराचे मंदिर, दाढी नसलेली आणि डोक्याला कोळ्यासारखी टोपी असलेली तिथली राजांची मूर्ती, सगळे पाहिले. गाईड मायनाक भंडाऱ्याविषयी बोलला, दौलतखानाविषयी बोलला. आरमार कुणा एका जातीच्या वा धर्माच्या जोरावर उभे राहिले नाही, हे त्याने न सांगता सांगितले. हे आम्हाला आवडले.

तटावर आठवीतल्या एका मुलीने विचारले, "दादा, एवढे दगड कोणी वाहिले?"

"तीन हजार कामगार होते असं सांगतात. तीन वर्षं काम चाललं."

"त्यांची नावं?"

गाईड प्रामाणिक निघाला. म्हणाला, "बांधकाम बघणारे म्हणून हिरोजी इंदुलकरांचं नाव घेतात. रायगडावर जगदीश्वराच्या देवळाच्या पायरीवर ते कोरलेलं आहे. बाकीच्यांची मला तरी कुठे वाचायला मिळाली नाहीत."

तटाचा घेर सुमारे तीन किलोमीटर. चालता चालता आम्ही त्या तीन हजारांचाच विचार करत होतो. एवढी माणसे तीन वर्षे राबली तर कुणीतरी त्यांची हजेरी मांडत असेल, कुणीतरी शेर-मापट्याने धान्य देत असेल. म्हणजे आमच्यासारखा एखादा कारकून तिथे होताच. कागद मात्र मोठ्यांचे सांभाळले जातात, हजेरीपट रद्दीत जातो. मुलांना आम्ही एवढेच सांगितले, की डोंगरी किल्ल्यांच्या घेऱ्यातल्या चौक्या-पहाऱ्यांवर महार, रामोशी, बेरड असत, हे इतिहासकारांनी नोंदवलेले आहे. रात्री रानात जागणारा माणूस आणि दिवसा गावकुसाबाहेर राहणारा माणूस एकच होता.

आणि जपानातल्या त्या मुलाची गोष्टही सांगितली. त्याने सामुराईंची चिलखते पाहिली. लाख लावलेल्या लोखंडी आणि चामड्याच्या पट्ट्या दोऱ्यांनी विणून केलेली, फार देखणी. हे चामडे कमावणाऱ्यांना तिकडे 'एता' म्हणत. अर्थ विचाराल तर अतिशय विटाळलेले. त्यांची वस्ती वेगळी, लग्नव्यवहार वेगळा. चिलखत अंगाला चालायचे, ते करणारा माणूस दारात चालायचा नाही. १८७१ मध्ये सरकारने हा भेद कायद्याने रद्द केला. पाच वर्षांनी, १८७६ मध्ये, सामुराईंच्या तलवारीही उतरवल्या. तलवारी गेल्या त्या गेल्याच, भेद मात्र राहिला. १९२२ मध्ये त्या लोकांना क्योतो शहरात सुईहेइशा नावाची स्वतःची संघटना उभारावी लागली. १९७५ मध्ये तर असे उघडकीस आले, की त्यांच्या वस्त्यांच्या पत्त्यांच्या याद्या छापून कंपन्यांना विकल्या जात होत्या, नोकरी मागणारा कुठला ते तपासायला. आमच्याकडे आडनाव विचारतात, त्यांच्याकडे पत्ता. नागामाचीच्या वाटाड्याने यातले काही सांगितले का, असे आम्ही त्या मुलाला विचारले होते. "नाही. मी पुस्तकातून काढलं," असे त्याचे उत्तर आले.

उन्हे चढल्यावर आम्ही विहिरींकडे आलो. दूधबाव, दहीबाव आणि साखरबाव. चारी बाजूंनी खारा समुद्र आणि मधोमध गोड पाणी. गाईडने साखरबावीतून कळशी ओढली आणि मुले ग्लास पुढे करून पाण्यावर तुटून पडली. मग तो आईजवळ आला, "घ्या आजी."

ग्लास तिच्या हातातच होता. तो तिने पिशवीत ठेवला, दोन पावले मागे सरली, थोडी वाकली आणि ओंजळ पुढे केली. वरून पाणी पडायची वाट बघत. मान खाली.

त्या मुलाला काही कळले नाही. म्हाताऱ्या माणसाचा हात थरथरत असेल, ग्लास धरवत नसेल, असे त्याला वाटले असावे. तो पुढे झाला, शेजारच्या मुलीचा ग्लास घेऊन भरला आणि तिचा हात धरून तिच्या हातात दिला. आई भानावर आली. तिने आमच्याकडे पाहिले आणि लगेच नजर फिरवली. मग सावकाश सगळा ग्लास प्यायली. म्हणाली, "गोड आसा."

विहिरीला कुणी शिवायचे आणि कुणी नाही, हे त्या किल्ल्यावर तेव्हा काय होते ते आम्ही कुठे वाचलेले नाही. पण आईच्या हातांनी ते कुठल्या पुस्तकात वाचले नव्हते. आमच्या घरात नळ आहे, फ्रीज आहे, तिला सून स्वतः पाणी देते. चाळीस-बेचाळीस वर्षांत आम्ही तिला कधी असे वाकलेले पाहिले नव्हते. विहीर, दोरी, कळशी आणि पाणी ओढणारा परका माणूस, एवढे एकत्र आल्याबरोबर हात आपोआप पुढे आले.

परत येऊन जेवायला बसलो तेव्हा अडीच वाजले होते. गाईडने ओळखीच्या खानावळीत 'पारंपरिक मालवणी जेवण' सांगून ठेवले होते. तिरफळे घातलेले बांगड्याचे तिखले, तिसऱ्यांची एकशिपी, वडे, उकड्या तांदळाचा भात, सोलकढी. मुलांनी वडे किती खाल्ले त्याची नोंद वहीत नाही. ताटात एका लहान वाटीत कुळथाची पिठी होती, शेजारी नाचणीची चतकोर भाकरी. खानावळीच्या ताईंनी कौतुकाने सांगितले, "मुंबईचे लोक मुद्दाम मागून घेतात."

आई वाटीकडे बघून हसायला लागली. "घराक पावणो इलो तर ह्या पिठयेचो टोप आमी लपवून ठेवू!"

त्यांच्या घरी भात पिकायचा, पण ताटात यायचा तो सणावारी. खोताची जमीन, अर्धेलीची कसणूक. खळ्यावरच निम्मे भात खोताच्या घरी जायचे, उरलेल्यातले देणेकऱ्याला. मग राहायची वरकस जमिनीतली नाचणी आणि कुळीथ. बाबासाहेबांनी १७ सप्टेंबर १९३७ रोजी मुंबईच्या विधिमंडळात खोती रद्द करण्याचे विधेयक मांडले आणि पुढच्या जानेवारीत कोकणातले हजारो शेतकरी मोर्चाने मुंबईत गेले, तो सगळा झगडा म्हणजे या खळ्यावरच्या निम्म्या भाताचा. कायदा झाला तो १९४९ मध्ये. तो घरोघरच्या ताटापर्यंत पोचायला आणखी किती पावसाळे गेले, ते आईसारख्यांना ठाऊक. गरिबीचे जेवण आज 'पारंपरिक' म्हणून वाटीतून येते याचा राग यावा की बरे वाटावे, आम्हाला ठरवता आले नाही. पिठी मात्र आम्ही दोनदा मागून घेतली. आईने ताईंना आत जाऊन सांगितले, की लसूण कमी पडली आणि सोले वायच जास्त हवीत. दोघी मग चुलीपाशी बराच वेळ बोलत बसल्या आणि आमची साडेचारची एस.टी. चुकली.

घरी पोचायला रात्र झाली. नातीने अंथरुणात पडल्या पडल्या विचारले, "आजी, तू ग्लास का नाही घेतलास?"

आम्ही शेजारच्या खोलीत हिशेब लिहीत होतो. माणशी २० रुपये परत द्यायचे निघत होते. आई आधी म्हणाली, "सवय." मग बराच वेळ गप्प. मग सांगू लागली. उन्हाळ्यात वाडीजवळचा व्हाळ आटला की गावच्या विहिरीपाशी मडके घेऊन लांब बसायचे. वरचे कुणी पाणी न्यायला आले आणि त्यांच्या मनात आले तर ते मडक्यात वरून ओततील. ती तेव्हा आठ वर्षांची होती. एका दिवशी सकाळपासून बसली आणि कुणी आलेच नाही. कुणाकडे तरी लग्न होते, सगळे तिकडे. दुपारी रिकामे मडके घेऊन ती परत आली.

"मग विहिरीतून स्वतः का नाही काढलंस? कुणी नव्हतं ना तिथे?"

"माका तां सुचूकच नाय, बाय."

हे आम्हीही पहिल्यांदाच ऐकत होतो. पोरीने यावर काही विचारले नाही. थोड्या वेळाने उठून ती आमच्याकडे आली आणि वहीच्या शेवटच्या पानावर तिने पुढच्या सहलीचे ठिकाण लिहिले, महाड. चवदार तळे तिला धड्यातून माहीत आहे, २० मार्च १९२७ ही तारीखही पाठ आहे. वीर स्टेशनपर्यंत रेल्वेने जाता येते, पुढे गाडी मिळते. बैठकीत विषय ठेवू. आईला विचारले तेव्हा या खेपेला तिने गुडघ्यांचे नाव काढले नाही. कोंबड्यांचे मात्र काढले.