स्वप्नांतलीं व्यंजनें

आपल्या वर्णमालेचा आपणांस मोठा अभिमान वाटतो, आणि तो रास्तही आहे. कंठापासून ओंठांपर्यंत एकेका स्थानावर पांच-पांच व्यंजनांची पंगत बसवून तिनें मुखांतील बहुतेक नादांना सन्मानानें पाट मांडले. एका कुळाला मात्र तिनें ओसरीवरच थांबविलें. कुणाचें वाईट झालेलें ऐकून आपण चुकचुकतों, टांगेवाला गालाच्या कडेनें जीभ वाजवून घोड्याला हांकतो, लहान मूल टाळूवर जीभ आपटून 'टॉक्' करतें. हे सारे नाद त्याच कुळांतले. त्यांना अक्षर नाहीं.

वाचकांनीं क्षणभर स्वतःशींच चुकचुकून पाहावें. जिभेची मागची बाजू टाळूला आणि टोंक दांतांमागें चिकटतें. मधली हवा विरळ होते. टोंक सुटतांच बाहेरची हवा आंत घुसते आणि नाद उठतो. आपलीं बाकीचीं व्यंजनें उच्छ्वासावर चालतात. याला फुप्फुसांकडे कांहीं उसनें मागावें लागत नाहीं. अशा स्वावलंबी नादाला दक्षिण आफ्रिकेंत थेट माजघरांत जागा मिळाली आहे. खोसा भाषेंत त्याचे तीन मुख्य प्रकार रोमन लिपींतील सी, क्यू आणि एक्स या अक्षरांनीं लिहितात, आणि त्या भाषेच्या नांवाचा आरंभच गालाच्या कडेच्या नादानें होतो.

खोसा आणि झुलू लोकांनीं हे नाद खोइखोइ आणि सान या शेजाऱ्यांकडून घेतले. ते कसे रुजले, याचें भाषाशास्त्रज्ञ एक कारण सुचवितात, तें मला फार ओळखीचें वाटतें. 'ह्लोनिफा' नांवाच्या रिवाजाप्रमाणें सासुरवाशिणीनें सासऱ्याचें नांव तर घ्यावयाचें नाहींच, पण त्या नांवांतील अवयव ज्यांत येतात असे साधे शब्दही टाळावयाचे. मग शब्दांतला निषिद्ध भाग काढून तेथें शेजारचा परका नाद बसवावयाचा! नवऱ्याचें नांव उखाण्याच्या आडोशानेंच घेणाऱ्या आमच्या आज्यांना ही युक्ति समजावून सांगावी लागली नसती.

माझ्या आईनेंही वडिलांचें नांव कधीं घेतलें नाहीं. पुढें अर्धांगवायूनें तिची वाचाच नेली आणि सर्वांचींच नांवें तिला निषिद्ध झालीं. उरलें तें चुकचुकणें. औषध कडू लागलें कीं एकदां, घाईनें. नातवंड पडलें कीं दोनदां, हळुवार. वडिलांच्या तसबिरीकडे पाहतांना पुष्कळ वेळानें, एकच. तिचें सारें बोलणें आम्हांला कळत होतें, असें मात्र मी म्हणणार नाहीं. आम्ही अंदाज करीत असूं, अंदाज फसत, आणि चौथ्या-पांचव्या प्रयत्नानंतर ती डोळे मिटून घेई. त्या नादाचें काव्य करणें सोपें आहे. त्यामागची तिची कोंडी ज्यांनीं पाहिली, त्यांच्या हातून तें होणें नाहीं.

ती जाऊन आतां बरींच वर्षें झालीं. कधीं कधीं ती स्वप्नांत येते आणि तिच्याच त्या भाषेंत बोलते. पण तेथें तो नाद एकाकी नसतो. तो शब्दांच्या पोटांत व्यंजन होऊन बसतो. त्याला स्वर जडतात, विभक्ति लागते. मीही त्याच भाषेंत, न अडखळतां उत्तर देतों. सकाळीं त्यांतला एकही शब्द आठवत नाहीं. तिनें वाक्य पुरें केलें, डोळे मिटले नाहींत, एवढें मात्र आठवतें.